स्वप्नश्रवण विभाग, दुसरा मजला

आमच्या खात्याची पाटी जिन्यात आहे, अंधारात.
खाली झेरॉक्सवाला, वर आम्ही,
आणि कामाची वेळ दुपारी एक ते चार.
बाकी पुणं झोपतं तेव्हाच आपला माल तयार होतो,
असं खांबेटे सर म्हणतात, आणि हसत नाहीत.

बावीस वर्षांत त्यांनी एवढंच सिद्ध केलंय
की स्वप्नात प्रतिध्वनी नसतो.
कात्रजच्या जुन्या बोगद्यात उभं राहून हाक मारा,
गेली ती गेली.
दुसरा नियम अजून कच्चा आहे:
माणसाला स्वप्नातलं बोलणं आठवतं, आवाज आठवत नाही.
(मी आईबाबत पडताळून पाहिलं.
"गॅस बंद केलास का" एवढं उरलं होतं,
कोणत्या गळ्यातून आलं, ते नाही.)

वर्गवारी माझ्याकडे.
कुकर: सदाशिव पेठेच्या स्वप्नांत तिसरी शिट्टी कधीच होत नाही.
कडी, बाहेरून लावलेली.
जुन्या रिक्षाचं मीटर खाली पाडतानाची टिणक,
ती आता फक्त आमच्या रजिस्टरात ऐकू येते.
एमपीएससीच्या एका मुलानं लिहून दिलं, शांतता वाजत होती.
सर म्हणाले, खोडा.
शांततेला अनुदान नाही.

दर गुरुवारी रंगनाथ ढमढेरे येतात.
खडकीच्या दारूगोळा कारखान्यात तेहतीस वर्षं,
निवृत्त होताना कानही तिथेच जमा करून आले,
बिल्ल्यासोबत.
मी चिठ्ठीवर प्रश्न लिहिते, ते मोठ्यानं उत्तर देतात,
त्यामुळे झेरॉक्सवाल्याला त्यांची सगळी स्वप्नं पाठ आहेत.

स्वप्नात त्यांना ऐकू येतं. यायचं.
आता तिथलंही एकेक चाललंय.
आधी चिमण्या गेल्या, मग बांगड्या.
फोडणी परवाच्या दिवाळीपर्यंत होती,
"आता मोहरी नुसती उडताना दिसते, बाई."
बायको हाक मारते तर स्वप्नातही
ते तिच्या ओठांकडे बघत राहतात.
भोंगा आहे. पहिल्या पाळीचा.
"तो गेला की कळवतो तुम्हाला," म्हणाले,
जसं कोणी भाडेकरूबद्दल सांगावं.

मग मागच्या गुरुवारी, चपला काढता काढताच:
"नवा आवाज आला!"
सर खुर्चीतून उठले. ते सहसा उठत नाहीत.
बहिऱ्याच्या स्वप्नात आवाज वजा होतो,
जमा होण्याची आपल्या शास्त्रात सोय नाही.

"बारीक आहे. खरखरीत.
कोणीतरी लांबून तुराट्यांचा भारा ओढत आणतंय शेतातून,
मध्येच थांबतंय, विचार करतंय,
पुन्हा ओढतंय."
आणि त्यांनी माझ्या हाताकडे बोट केलं.
"ही तुमची पेन्सिल.
इतकी वर्षं नुसती चालताना बघतोय.
असाच येतो ना तिचा आवाज?"

सरांनी माझ्याकडे पाहिलं.
स्वप्नकर्त्याला दुजोरा देऊ नये, नियम चौथा.
खरं तर मलाही ठाऊक नव्हतं.
अकरा वर्षं लिहितेय इथं,
ऐकलं नव्हतं कधी.

चिठ्ठीवर एकच अक्षर लिहिलं. हो.
लिहिताना कान दिला:
तुराट्या वगैरे काही नाही,
फडताळात उंदरानं कुरतडावं तसं, क्षुल्लक.
ढमढेऱ्यांनी चिठ्ठी वाचली,
घडी घालून पीएमटीच्या पासामागे सरकवली
(पीएमपीएल म्हणायचं असतं, ते म्हणत नाहीत)
आणि जिना उतरून गेले.

रजिस्टरात सहावा रकाना "उगम" आहे.
त्या नोंदीपुढे तो कोराच आहे अजून.
सर रोज विचारतात.
भरायचा म्हणून पेन्सिल टेकवावी,
तर कागदाच्या पलीकडून, लांबून,
कोणीतरी भारा ओढत यायला लागतं,
मध्येच थांबतं.
मीही थांबते.